सातासमुद्रापलीकडचा टर्नर

मुंबई-नाशिक महामार्गावर पडघ्याच्या आसपास खडवली फाटा लागतो. आत वळून गेलं की कसारा मार्गावरचं खडवली स्टेशन आणि शेजारून वाहणारी भातसा. मुंबईकरांना हे गाव पावसाळी सहलीपुरतं माहीत. महामार्गाच्या अंगाने पाहिलं तर चित्र निराळं आहे. भिवंडीपासून पडघ्यापर्यंत पत्र्याच्या उंच गोदामांची रांग आणि न्हावा-शेव्याहून येणारे कंटेनर. जवळच आमण्याला समृद्धी महामार्ग येऊन मिळतो. इगतपुरी ते आमणे हा त्याचा शेवटचा टप्पा ५ जून २०२५ ला खुला झाला.

कंटेनरमधल्या बहुतेक मालाला चेहरा असतो: टीव्ही, कपडे, खेळणी. अधूनमधून मात्र एखादं खोकं आकाराने लहान आणि उचलायला भलतंच जड निघतं. आत तेलकट कागदात गुंडाळलेले बुश, शाफ्ट, स्पिंडल, व्हॉल्व्हचे भाग. चीन, तैवान, जर्मनी, स्वित्झर्लंड अशा कुठल्याशा शहरात कुणीतरी ते लेथवर काढलेले असतात. ज्या मशीनमध्ये ते बसणार, ते मशीन त्या टर्नरने कधी पाहिलेलं नसतं आणि ऑर्डर देणाऱ्याशी तो कधी बोललेला नसतो. त्याच्यापर्यंत पोचलेला असतो एक कागद. त्या कागदावर हा सगळा धंदा उभा आहे.

या पट्ट्याला परदेशी सुटे भाग नवे नाहीत. १८५३ मध्ये बोरीबंदरहून ठाण्याला पहिली गाडी आली, तिची इंजिनं इंग्लंडच्या व्हल्कन फाउंड्रीची होती. १८५५ मध्ये रूळ कल्याणच्या पुढे वासिंदपर्यंत गेले, म्हणजे खडवलीवरूनच गेले. इंजिनाचा नट झिजला तर त्याच आट्याचा दुसरा नट हवा, आणि आटा कोणता हे इंग्लंडने ठरवलेलं. जोसेफ व्हिटवर्थने १८४१ मध्ये ५५ अंशांचा आटा सुचवला. पुढे अमेरिकेने ६० अंशांचा घेतला, मेट्रिक आटाही ६० अंशांचाच. या पाच अंशांचा त्रास आजही संपलेला नाही. तीन-अष्टमांश इंचाच्या व्हिटवर्थ आणि अमेरिकी यूएनसी या दोन्ही बोल्टना इंचाला १६च आटे असतात, त्यामुळे एकाचा नट दुसऱ्यावर चढतोसुद्धा. चढतो, पण नीट बसत नाही. जुन्या ब्रिटिश मशीनसाठी आज चीनमधून भाग मागवणाऱ्याने नुसतं ‘तीन-अष्टमांश, सोळा आटे’ लिहिलं तर काय होईल, हे वेगळं सांगायला नको.

स्वातंत्र्यानंतरचा धडा मोठा होता. सोलापूरच्या वालचंद हिराचंदांनी १९४४ मध्ये प्रीमियर ऑटोमोबाइल्स काढली. सुरुवातीचं काम जोडणीचं: आधी क्रायस्लरच्या, मग इटलीच्या फियाटच्या गाड्या पेट्यांतून यायच्या आणि कुर्ल्याला उभ्या राहायच्या. १९५३ मध्ये टॅरिफ कमिशनच्या शिफारशींनंतर सरकारने कंपन्यांना बजावलं की टप्प्याटप्प्याने भाग इथे बनवा, नाहीतर निघा. १९२८ पासून शिवडीला गाड्या जोडणारी जनरल मोटर्स निघून गेली, फोर्डही गेली. प्रीमियर राहिली. मग एकेक भाग देशात बनू लागला, आणि त्यातून मुंबई-ठाणे-पुण्याच्या लहान कारखान्यांना काम मिळालं. एमआयडीसी १९६२ मध्ये स्थापन झाली; ठाण्याची वागळे इस्टेट तिच्या अगदी सुरुवातीच्या वसाहतींपैकी. इथल्या टर्नर-फिटरांची पिढी ‘नमुन्यावरून बनव’ या शाळेत तयार झाली. समोर इटालियन भाग ठेवायचा, वर्नियर लावायचा, तसाच दुसरा काढायचा. या शाळेने हात तयार केले, पण एक खोडही लावली: नमुना समोर असला की ड्रॉइंग वाचायची गरज वाटत नाही.

१९९० च्या दशकात चक्र उलटं फिरलं. प्रीमियरने प्यूजोशी भागीदारी केली आणि डोंबिवलीजवळच्या कल्याण कारखान्यात प्यूजो ३०९ जोडली जाऊ लागली. पुन्हा परदेशातून पेट्या, पुन्हा जोडणी. ती भागीदारी थोड्याच वर्षांत मोडली. कारखाना गेला तरी ‘प्रीमियर मैदान’ हे नाव अजून चालतं, सभा आणि प्रदर्शनांच्या जाहिरातींत.

आज वागळे इस्टेट, डोंबिवली, अंबरनाथमध्ये लेथ आणि सीएनसी चालवणारी शॉप पुष्कळ आहेत. खडवली, वासिंद, आसनगावहून लोकलने येणारे हात त्यांत आहेत. तरीही माल बाहेरून येतो. कधी संख्या एवढी मोठी असते की चीनचा भाव गाठता येत नाही. कधी परदेशी मशीनचा मूळ भागच लागतो. कधी काम असं असतं की त्याला खास यंत्र हवं. स्विस पद्धतीच्या लेथमध्ये गज स्वतः पुढे-मागे सरकतो आणि हत्यार त्याला आधाराच्या अगदी जवळ कापतं, म्हणून सुईसारखा बारीक आणि लांब भागही वाकत नाही. घड्याळांसाठी स्वित्झर्लंडच्या जुरा डोंगराळ भागात ही यंत्रं जन्मली; दंतवैद्यकातले स्क्रू आज त्यांच्यावर निघतात. आपल्याकडे कॅमवर चालणाऱ्या ऑटोमॅटिक लेथला सर्रास ट्रॉब म्हणतात, मशीन कुणाचंही असो. ट्रॉब ही जर्मन कंपनी. तशी ‘स्वदेशी’ शॉपमध्येही परदेश कमी नसतो: कंट्रोल फानुक किंवा सीमेन्सचा, गाइडवे तैवानचे, इन्सर्ट स्वीडिश कंपनीचे, मायक्रोमीटर जपानी. आयात म्हटलं की नाक मुरडणाऱ्याने आपल्याच मशीनचं झाकण एकदा उघडून पाहावं.

आता त्या कागदाकडे, म्हणजे ड्रॉइंगकडे वळू. समजा, तुम्हाला स्टीलचा एक बुश हवा आहे, आतला बोअर २० मिलिमीटर, एच-७. म्हणजे बोअर २०.००० पेक्षा लहान चालणार नाही आणि २०.०२१ पेक्षा मोठा चालणार नाही. त्यात फिरणारा शाफ्ट जी-६, म्हणजे १९.९८० ते १९.९९३. दोघांमधली फट कमीत कमी ७ मायक्रॉन (मिलिमीटरचे हजारावे भाग), जास्तीत जास्त ४१. डोक्याचा केस साधारण ७० मायक्रॉनचा धरा. एवढ्या फटीत तेल राहतं आणि शाफ्ट फिरतो.

आता कागदावर एक ओळ वाढवा: ‘निकेल प्लेटिंग, १० मायक्रॉन’. बोअरच्या दोन्ही बाजूंना थर चढला की व्यास २० मायक्रॉनने कमी होतो. जवळजवळ सगळी टॉलरन्स प्लेटिंगनेच खाल्ली. माप प्लेटिंगआधीचं की नंतरचं, हे लिहिलं नसेल तर पलीकडचा टर्नर त्याला सोयीचा अर्थ घेणार, आणि त्याचं चुकलं असं म्हणता येणार नाही. असे वाद मी जेवढे ऐकले, त्यांतले बहुतेक अशाच न लिहिलेल्या ओळीचे होते.

ड्रॉइंग कसं वाचायचं यावरही जग एक नाही. भारतात, युरोपात, चीनमध्ये फर्स्ट अँगल चालतो. अमेरिका आणि जपान थर्ड अँगल वापरतात. एकात वरून दिसणारं चित्र खाली काढतात, दुसऱ्यात वर. कोपऱ्यात छाटलेल्या शंकूची छोटी खूण असते, तिच्याकडे दुर्लक्ष झालं की आरशातलं प्रतिबिंब वाटावं असा भाग तयार होतो. मापं सगळी बरोबर, भाग डावखुरा.

धातूचं नावही असंच. आपल्या शॉपमध्ये अजून जुनं ब्रिटिश ‘ईएन ८’ चालतं. चिनी पुरवठादार त्याजागी ‘४५ नंबर’ देतो, जर्मन सी-४५, जपानी एस-४५-सी, अमेरिकन १०४५. सगळे भाऊबंद, पण कार्बन सारखा नाही. ईएन ८ मध्ये तो साधारण ०.३५ ते ०.४५ टक्के, सी-४५ मध्ये ०.४२ ते ०.५०. साध्या बुशला फरक पडत नाही. पुढे हार्डनिंग करायचं असेल तर पडतो. म्हणून मालासोबत त्या वितळणीच्या रासायनिक घटकांचं प्रमाणपत्र मागतात, युरोपी भाषेत ३.१ चं. ते मागायला हवं ऑर्डर देताना, माल आल्यावर नाही.

आणि तापमान. मापाच्या जगात भागाचं खरं माप म्हणजे २० अंश सेल्सिअसला असलेलं माप. हे १९३१ मध्ये आंतरराष्ट्रीय पातळीवर ठरलं. आपल्याकडे मे महिन्यात पत्र्याखालच्या शॉपमध्ये ३५ अंश सहज असतात. १०० मिलिमीटरचा स्टीलचा तुकडा १५ अंशांनी तापला की सुमारे १७ मायक्रॉन वाढतो. मोजणारा मायक्रोमीटरही स्टीलचा आणि तेवढाच तापलेला असेल तर दोघे बरोबर वाढतात, चूक बरीचशी आपोआप कटते. भाग अॅल्युमिनियमचा असला तर कटत नाही, कारण तो स्टीलच्या दुप्पट वाढतो. तैवानच्या वातानुकूलित खोलीत पास झालेला अॅल्युमिनियमचा भाग डोंबिवलीत दुपारी नापास होतो. दोघेही खरं बोलत असतात. ईमेलवर मात्र दोघेही एकमेकांना खोटं ठरवतात.

दोन देशांतल्या माणसांची मापं जुळावीत म्हणून एका स्वीडिश माणसाने जे केलं, ते मला या सगळ्या कहाणीत सर्वांत आवडतं. एस्किल्स्टुना इथल्या रायफल कारखान्यात कामाला असलेला कार्ल एडवर्ड योहान्सन १८९६ मध्ये जर्मनीतल्या माउझर कारखान्याहून परतत होता. तिथे प्रत्येक मापासाठी वेगळा ठोकळा, असे ठोकळ्यांचे ढीग त्याने पाहिले होते. परतीच्या आगगाडीत त्याने हिशेब मांडला: मोजके ठोकळे नीट निवडले, तर ते एकमेकांवर चढवून हजारो मापं जमवता येतील. १०२ ठोकळ्यांच्या संचातून सुमारे वीस हजार. घरी त्याने बायकोच्या शिलाई मशीनमध्ये फेरफार करून ठोकळे घासले म्हणतात. पृष्ठभाग इतके सपाट की दोन ठोकळे सरकवून जोडले की चिकटून बसतात, ओढून सुटत नाहीत. १९२३ मध्ये हेन्री फोर्डने योहान्सनला त्याच्या कामासकट आपल्या कंपनीत घेतलं. स्लिप गेज नावाने हे ठोकळे आज आपल्या प्रत्येक बऱ्या टूलरूममध्ये लाकडी पेटीत असतात. त्यांचं कॅलिब्रेशन एनएबीएल-मान्य प्रयोगशाळेकडून होतं, आणि त्या साखळीचं टोक दिल्लीच्या राष्ट्रीय भौतिक प्रयोगशाळेत असतं. पलीकडच्या टर्नरची साखळी त्याच्या देशाच्या प्रयोगशाळेपर्यंत जाते. दोन्ही साखळ्या वर जाऊन एकाच मीटरला मिळतात, म्हणूनच हा व्यवहार होऊ शकतो.

पुढचा भाग पैशांचा. सर्वसाधारण रीत अशी की काही रक्कम आगाऊ द्यायची आणि उरलेली माल निघण्याआधी. एकदा पूर्ण पैसे गेले की खराब मालाचं काय करायचं हा प्रश्न तुमचा. जड खोकं परत पाठवण्याचा खर्च, पुन्हा कस्टम्स, पुन्हा कागद. बहुतेक जण भंगारात काढतात आणि नव्याने मागवतात. म्हणून जाणते खरेदीदार तपासणी पैशांच्या आधी करवून घेतात. पहिल्या नमुन्याचा अहवाल मागतात, त्यात ड्रॉइंगवरच्या प्रत्येक मापाला गोलात क्रमांक आणि समोर प्रत्यक्ष मोजलेला आकडा. पसंत पडलेले दोन नमुने सील करून एक स्वतःकडे, एक पुरवठादाराकडे. कारण पहिला नमुना नेहमीच देखणा असतो. तिसरी खेप पुरवठादाराने परस्पर शेजारच्या शॉपला दिलेली असू शकते.

कस्टम्सचं थोडक्यात. परकीय व्यापार महासंचालनालयाचा आयईसी क्रमांक, बिल ऑफ एंट्री, मालाच्या वर्गीकरणाचा आठ आकडी कोड हे सगळं क्लिअरिंग एजंट सांभाळतो. एक मेख मात्र मालकाने स्वतः जाणून घ्यावी. मशीनसाठी खास बनवलेला भाग मशीनच्या प्रकरणात जातो, पण साधा स्क्रू किंवा नट कुठल्याही मशीनला लागणार असला तरी लोखंडाच्या वस्तूंतच धरला जातो. एका खोक्यात दोन्ही असतील तर दोन ओळी लिहाव्या लागतात, आणि घोळ तिथेच होतो.

समुद्राचा भरवसा नाही. मार्च २०२१ मध्ये ‘एव्हर गिव्हन’ सुएझमध्ये आडवं झालं आणि कालवा सहा दिवस बंद राहिला. २०२३ च्या अखेरीपासून तांबड्या समुद्रातल्या हल्ल्यांमुळे अनेक जहाजं आफ्रिकेला वळसा घालू लागली, आणि युरोपातून येणाऱ्या मालाला आठवडे जास्त लागले. वाटेत कंटेनरच्या आत दमट हवा थंड होऊन पाणी ठिबकतं. ग्राइंडिंग केलेल्या पृष्ठभागावर गंजाचा एक ठिपका पडला की सगळी अचूकता वाया. त्यासाठी गंजरोधक कागद हवा, बंद पिशवी हवी, आणि लाकडी पेटीवर उष्णता किंवा धुरीच्या प्रक्रियेचा शिक्का हवा. पावसाळ्यात माल उघड्या धक्क्यावर उतरणार असेल तर हे सगळं दुप्पट काळजीने.

या हिशेबानंतर माझं मत सांगतो. परदेशी भाग स्वस्त पडतो की नाही हे कोटेशनवरच्या दरावरून ठरत नाही. तपासणी, रिजेक्शन, वाहतूक आणि अडकलेले दिवस त्यात धरले की पुष्कळदा वागळे इस्टेटचा भाव बरा निघतो. फक्त इथल्या टर्नरलाही तेवढंच काटेकोर ड्रॉइंग द्यायला हवं, जेवढं आपण तैवानला देतो. तो शेजारी आहे, फोनवर सांगता येतं, म्हणून आपण त्याला अर्धवट कागद देतो आणि मग त्याच्या मालाला नावं ठेवतो. हा अन्याय आहे.

लहान कारखानदारांना विनंती एवढीच: ऑर्डर देण्याआधी ते ड्रॉइंग माल आल्यावर मोजणाऱ्या माणसाच्या हातात द्या. तो विचारेल प्लेटिंग आधी की नंतर, कोणत्या तापमानाला, कोणत्या गेजने. त्याच्या प्रश्नांची उत्तरं कागदावर उतरली, की मगच भाव मागवा.