परळ, विधानसभा : एका पुसलेल्या मतदारसंघाचा मागोवा

मतपत्रिकेवर 'परळ' छापून येणं थांबलं ते 2008च्या पुनर्रचनेमुळे. वस्ती उपनगरांत सरकली, तशा जागाही सरकल्या. मुंबई शहराच्या 17 जागांच्या 10 झाल्या आणि गिरणगावातलं हे नाव कायमचं गेलं. लालबाग-परळ शिवडी मतदारसंघात गेलं. फारशी खळखळ कुणी केली नाही.

एके काळी इथे उमेदवारी म्हणजे चाळीचाळींतून चाललेलं युद्ध होतं. दळवी बिल्डिंगमधून गिरणी कामगार युनियनचा कारभार चाले आणि गिरणीच्या भोंग्यावर दिवस उगवे. 1967 साली भारतीय कम्युनिस्ट पक्षाचे कृष्णा देसाई इथून आमदार झाले. माणूस नगरसेवक म्हणून मुरलेला, दांडगा, पोरांचा ताफा बाळगून असलेला. शिवसेनेला गिरणगावात पाय रोवायचे, तर याच माणसाशी गाठ होती. 5 जून 1970च्या रात्री लालबागच्या तावरीपाड्यात त्यांचा खून झाला. आरोप शिवसैनिकांवर आला.

ऑक्टोबरातल्या पोटनिवडणुकीत डाव्यांनी देसाईंच्या पत्नी सरोजिनी यांना उभं केलं. सहानुभूतीची लाट येईल असा हिशेब होता. शिवसेनेचे वामनराव महाडिक 31,592 मतं मिळवून निवडून आले. सरोजिनीबाईंना 29,913 मिळाली. फरक 1,679. शिवसेनेचा पहिला आमदार विधानसभेत गेला तो या मतांवर.

लाल बालेकिल्ला त्या दिवशी ढासळला, असं तेव्हापासून लिहिलं जातं. मला हे फार सोपं वाटतं. दीड वर्षाने, 1972मध्ये, शिवसेनेचा राज्यात एकच आमदार आला. तो परळचा नव्हे, गिरगावचे प्रमोद नवलकर. 1978मध्ये तर एकही नाही. एका पोटनिवडणुकीने परळ भगवं झालं नव्हतं. अर्धं परळ अजूनही युनियनचंच होतं, आणि त्याच घरातला धाकटा शिवसेनेच्या शाखेवर जात होता.

किल्ला खरा पडला तो संपात. 18 जानेवारी 1982ला सुमारे अडीच लाख गिरणी कामगार युनियन नेते दत्ता सामंतांच्या हाकेवर बाहेर पडले. बरेचसे पुन्हा कधी आत गेलेच नाहीत. तरीही 1984मध्ये देशभर काँग्रेसची लाट असताना दक्षिण-मध्य मुंबईने सामंतांना लोकसभेत पाठवलं. संप जवळपास हरल्यावरही कामगार आपल्या माणसाला विसरला नव्हता. पाच वर्षांनी त्याच लोकसभा मतदारसंघातून वामनराव महाडिक खासदार झाले.

1990मध्ये शिवसेनेचे 52 आमदार आले. त्यांत परळचे विठ्ठल चव्हाण होते, आणि 1992मध्ये त्यांचाही खून झाला. एकाच मतदारसंघाचे दोन आमदार पदावर असताना मारले गेले. आता वेळ टोळ्यांची होती. गिरण्यांच्या जमिनींना भाव येऊ लागला होता. या जमिनींच्या विकासाच्या नियमांत 2001मध्ये झालेल्या बदलाने कामगारांच्या घरांचा वाटा आणखी आकसला आणि चिमण्यांच्या जागी काचेचे टॉवर आले. मतदार बदलापूर-विरारकडे गेले, काही थेट कोकणातल्या घरी परतले. नकाशावरची रेघ पुसायला 2008 उजाडलं, एवढंच.

2009ला नव्याने आखलेल्या शिवडीची पहिली निवडणूक झाली. शिवसेनेला पहिला आमदार देणाऱ्या या टापूत निवडून आले मनसेचे बाळा नांदगावकर.