कात्रीच्या दोन्ही बाजूंनी

ग्रेटा गार्बोचं नाव आपल्याकडच्या जुन्या सिनेमाप्रेमींना माहीत असतं. हॉलिवूडला जाण्यापूर्वी ती ज्या जर्मन मूकपटात चमकली, त्या ‘डी फ्रॉयडलोझे गासे’चा (१९२५) दिग्दर्शक पाब्स्टही अभ्यासकांना ठाऊक असतो. पटकथाकार विली हास मात्र कुणाच्या फारसा लक्षात नाही. नाझींमुळे सगळं सोडून हा गृहस्थ पुढे आपल्या मुंबईत येऊन राहिला होता, तरीही.

हास १८९१ साली प्रागमध्ये जन्मला. घर ज्यू, भाषा जर्मन. काफ्का, माक्स ब्रोड, वेर्फेल ही त्याची मित्रमंडळी. पहिल्या महायुद्धानंतर बर्लिनला येऊन तो सिनेमाची परीक्षणं लिहू लागला आणि तिथूनच पटकथांकडे वळला. मुर्नाऊच्या ‘डेर ब्रेनेंडे आकर’च्या लेखनातही त्याचा हात होता.

गार्बोच्या त्या सिनेमाचा मूळ आधार ह्यूगो बेटाउअरची कादंबरी. महागाईने पिळून निघालेल्या व्हिएन्नातली एक गल्ली, तिथे एक खाटकाचं दुकान. मटणासाठी बायका रात्रभर रांगेत उभ्या राहतात आणि कुणाला द्यायचं, कुणाला हाकलायचं, हे तो खाटीक आपल्या लहरीवर ठरवतो. त्याला खूश करणारीची पिशवी भरते. उपासमार म्हणजे काय, हे एवढ्या एका दुकानावरून कळतं.

पण हे दाखवलेलं कुणालाच झेपलं नाही. पॉल रोथा या इंग्रज अभ्यासकाने नोंदवलंय की, फ्रान्समध्ये गल्लीचीच सगळी दृश्यं उडवली गेली, व्हिएन्नात खाटकाचे प्रसंग गेले, आणि रशियात तर खून करणाऱ्या तरुणीच्या ऐवजी खाटकालाच खुनी करून टाकलं! पटकथाकाराने यावर हसावं की रडावं?

सिनेमा आला त्याच वर्षी, १९२५ साली, हासने ‘डी लितेरारिशे वेल्ट’ हे साप्ताहिक सुरू केलं. वाल्टर बेन्यामिनसारखे लेखक त्यात नियमित लिहीत. १९३३ साली हिटलर आला, तेव्हा साप्ताहिक सोडून हास प्रागला पळाला. १९३९ साली जर्मन फौजा प्रागमध्येही शिरल्या आणि तो मुंबईला आला.

इथे निर्माते-दिग्दर्शक मोहन भवनानींची चित्रपटसंस्था बिऱ्हाडासारखी सगळ्यांना सामावून घेणारी होती. प्रागमध्ये शिकलेला संगीतकार वॉल्टर कॉफमन, ज्याच्या नावावर आकाशवाणीची ओळखधून आहे, त्यांच्यासाठी काम करत असे. नौशाद यांना स्वतंत्रपणे पहिला चित्रपट, ‘प्रेमनगर’ (१९४०), भवनानींनीच दिला. आणि सेन्सॉरच्या कात्रीचा फटकाही त्यांना बसलेला होता: प्रेमचंदांच्या लेखणीतून उतरलेल्या ‘मजदूर’वर मुंबईत बंदी आली होती. हासने या भवनानींसाठी पटकथा लिहिल्या. जर्मनमध्ये विचार करणाऱ्या माणसाने हिंदी बोलपटाला कथा पुरवायची, हा प्रकार आज चमत्कारिक वाटतो. त्या काळच्या मुंबईत तसा तो नव्हता.

पुढे युद्धकाळात त्याला ब्रिटिश हिंदी लष्करात नोकरी मिळाली ती सेन्सॉरची. म्हणजे कात्री आता त्याच्याच हातात.

ती त्याने पुढे आणखी एकदा चालवली. हासने प्राग सोडण्याआधी काफ्काची एकेकाळची प्रेयसी मिलेना येसेन्स्का हिने तिला आलेली काफ्काची पत्रं त्याच्याकडे सोपवली होती. त्याने ती नातेवाइकांकडे ठेवली. युद्धात ती वाचली, मिलेना मात्र १९४४ साली रावेन्सब्रूकच्या छळछावणीत मरण पावली. जर्मनीत परतून हॅम्बर्गला राहू लागल्यावर १९५२ साली हासने ती पत्रं संपादून छापली. हयात माणसं दुखावतील असे उतारे त्याने गाळले. यात एक गोम होती. १९२० साली मिलेनाच्या एका मैत्रिणीशी हासचं सूत जुळलं, त्या मैत्रिणीच्या नवऱ्याने आत्महत्या केली, आणि काफ्काने पत्रांत त्याविषयी लिहिलं होतं. मला हासचा राग येत नाही. स्वतःच्या आयुष्यातलं असं पान कोण सहजी छापील? पण ते संपादन निखळ म्हणता येत नाही.

गाळलेले उतारे परत घातलेली आवृत्ती १९८३ साली निघाली. हासला जाऊन तेव्हा दहा वर्षं झाली होती.