पान्यात लपलेली देवी

गॅरेजमध्ये गेलात की तिथला एखादा पाना हातात घेऊन नीट निरखून बघा. बऱ्याच पान्यांवर ‘क्रोम व्हॅनेडियम’ असं कोरलेलं असतं. त्यातल्या ‘व्हॅनेडियम’मध्ये एक देवी लपलीय, बरं का! ती दूर उत्तरेकडची. नॉर्वे, स्वीडन, आइसलँडमधल्या जुन्या गोष्टींतली. तिचं नाव फ्रेया.

फ्रेयाच्या रथाला घोडे नाहीत, चक्क दोन मांजरं जुंपलेली! तिच्याकडे ससाण्याच्या पिसांचा झगा आहे. तो पांघरला की उडता येतं. लोकी नावाचा खोडकर देव तो उसना मागून नेतो. फ्रेया प्रेमाची देवी. तिचा नवरा दूर प्रवासाला गेला, की ती त्याला शोधत रडत फिरते आणि तिचे अश्रू म्हणजे लालसर सोनं!

पण तिला नुसती हळवी समजू नका हं. लढाईत पडलेल्या वीरांपैकी अर्धे जातात देवांचा राजा ओडिनकडे. उरलेले अर्धे फ्रेयाचे. त्यांना ती स्वतः निवडते! शिवाय जादूत तर ती इतर देवांची गुरू. सुमारे ८०० वर्षांपूर्वी आइसलँडच्या स्नोरी स्टुर्लुसोन यांनी अशा कितीतरी गोष्टी लिहून ठेवल्या.

फ्रेयाचं आणखी एक नाव ‘व्हानादिस’. १८३० मध्ये स्वीडनच्या निल्स सेफ्स्ट्रॉम यांना लोखंडात एक नवा धातू सापडला. त्याची संयुगं इतकी सुंदर रंगांची, की त्याला या देवीचंच नाव मिळालं!

व्हॅनेडियमच्या पिवळ्या आम्लयुक्त द्रावणात जस्ताची पूड टाकली, की ते निळं होतं, मग हिरवं, शेवटी जांभळं! कसं काय? जस्त आपले इलेक्ट्रॉन व्हॅनेडियमला देत जातं. इलेक्ट्रॉन वाढले की व्हॅनेडियम प्रकाशातले वेगळेच रंग शोषून घेतं आणि आपल्याला दिसणारा रंग बदलतो. ही द्रावणं विषारी असतात, म्हणून हा प्रयोग प्रयोगशाळेत शिक्षकांनीच करून दाखवायचा.

आता पुन्हा पान्याकडे या. पोलादात थोडंसंच व्हॅनेडियम मिसळलं तरी पोलाद कणखर होतं. नाव ठेवलं गेलं ते रंगांवरून. पोलादातली ही करामत नंतर उमगली. लढाईतले वीर निवडणारी फ्रेया त्या नावात आधीपासूनच होती की!