आधी उकळी, मग दम

कोलकात्याच्या नैर्ऋत्येस, हुगळीच्या काठी वसलेले गार्डन रीच आज जहाजबांधणी आणि दक्षिण पूर्व रेल्वेचे मुख्यालय यांसाठी ओळखले जाते. खवय्यांच्या लेखी मात्र या परिसराचे महत्त्व निराळे आहे. १८५६ मध्ये ईस्ट इंडिया कंपनीने अवधचे राज्य खालसा केले आणि पदच्युत नवाब वाजिद अली शाह कोलकात्यास आले. १८८७ मध्ये निधन होईपर्यंत त्यांचे वास्तव्य प्रामुख्याने येथील मेटियाबुर्जमध्ये होते. त्यांच्यासमवेत लखनौचे आचारी आले आणि अन्नाला ‘दम’ देण्याची कला येथे रुजली. बटाटा घातलेली कोलकात्याची बिर्याणी हे तिचेच अपत्य.

जाड बुडाचे भांडे, कणकेने लिंपलेले झाकण आणि मंद आच, एवढाच दमाचा संसार. कोंडलेल्या वाफेत पदार्थ स्वतःच्याच रसात मुरतो. रायगड जिल्ह्यातील पोपटीत भांबुर्ड्याचा पाला लावलेल्या मडक्यात वालाच्या शेंगा पाण्याचा थेंबही न घालता अशाच वाफेवर शिजतात. अमेरिकेतील बोस्टन परिसरात धर्मनिष्ठ कुटुंबे रविवारी स्वयंपाक वर्ज्य मानीत. म्हणून काकवीसारखा उसाचा दाट पाक घातलेला घेवडा आदल्या दिवशीच भट्टीत मंद शिजत ठेवला जाई. हेच ते बेक्ड बीन्स! डब्यातून मिळणारा हा पदार्थ आपल्या स्वयंपाकघरातही उत्तम साधतो.

मंद आचेआधीची दक्षता

येथे एक गोष्ट कटाक्षाने पाळावी. कच्च्या राजम्यात, विशेषतः लाल राजम्यात, लेक्टिन नावाचे प्रथिन असते. ते पोटात गेल्यास काही तासांतच उलट्या व जुलाब सुरू होऊ शकतात. खळखळत्या उकळीने ते निष्प्रभ होते. केवळ मंद आचेवर मात्र दाणा मऊ झाला तरी ते शिल्लक राहू शकते. म्हणून भिजवलेला राजमा थेट ओव्हनमध्ये अथवा विजेच्या मंद शिजवणीच्या भांड्यात कधीही ठेवू नये.

कृती

चार जणांसाठी पाव किलो राजमा किंवा साताऱ्याकडचा वाघा घेवडा रात्रभर भरपूर पाण्यात भिजवावा. सकाळी ते पाणी टाकून द्यावे. ताज्या पाण्यात दाणे अर्धा तास खळखळून उकळावेत आणि नंतर मऊ होईपर्यंत शिजवावेत. या टप्प्यास प्रेशर कुकर वापरल्यास इंधनाची बचत होते.

दाणा बोटांनी सहज दाबला गेला, की मगच दोन टोमॅटोंचा रस, दोन मोठे चमचे गूळ, परतलेला कांदा व लसूण, थोडी मोहरीची पूड, तिखट, मीठ आणि दोन चमचे तेल घालावे. हा क्रम महत्त्वाचा आहे. टोमॅटोतील आम्ल आणि गुळातील कॅल्शियम दाण्याचे मऊ होणे रोखतात. ते आधी घातले तर दाणे तासन्‌तास टणक राहतात. नंतर घातले तर तेच घटक दीर्घकाळ शिजूनही दाणे अखंड राखतात.

दाणे बुडून वर बोटभर राहील इतके गरम पाणी घालावे. ओव्हनमध्ये १५० अंश सेल्सिअसवर घट्ट झाकणाच्या भांड्यात दोन तास ठेवावे. मध्येच पाहून लागल्यास गरम पाणी वाढवावे. ओव्हन नसल्यास झाकण कणकेने लिंपून भांडे तव्यावर ठेवावे आणि अगदी बारीक आचेवर तासभर दम द्यावा. झाकण उघडताना चेहरा दूर ठेवावा, कारण कोंडलेली वाफ एकदम उसळते.

पावाबरोबर, भाकरीबरोबर किंवा गरम भातावर हा घेवडा सारखाच रुचतो आणि दुसऱ्या दिवशी तर अधिकच मुरतो. मंद आचेची महती मोठी खरी. पण त्याआधीची ती खळखळती उकळी कोणत्याही सुट्टीच्या घाईत टाळू नये.