ओगलेवाडीची काच आणि आपल्या खिडकीची काच

कऱ्हाडला जायचं म्हणून रेल्वेतून उतरणारा माणूस खरं तर ओगलेवाडीत उतरतो. स्टेशनचं नाव कऱ्हाड, वाडी मात्र ओगल्यांची. १९१६ साली औंधच्या पंतप्रतिनिधींच्या पाठबळावर ओगले बंधूंनी इथे काच कारखाना सुरू केला. पुढे त्यांचा प्रभाकर कंदील गोठ्यापासून देवघरापर्यंत सगळीकडे पोचला. कारखान्याची धडधड थांबून बरीच वर्षं झाली, तरी नाव टिकून आहे आणि नावाबरोबर एक समजही: आपल्या खिडक्यांच्या काचा पूर्वी इथेच बनायच्या, कारखाना बंद पडला आणि मग बाहेरचा माल आला.

हा समज ऐकायला गोड आहे, पण चुकीचा आहे. कंदिलाची काच म्हणजे पोकळ काच. वितळलेला गोळा नळीवर घ्यायचा, फुंकायचा, साच्यात आकार द्यायचा. चिमणी, बाटली यांची जात एक. त्याआधी, १९०८ साली, अंताजी दामोदर काळे यांच्या पैसा फंडातून तळेगाव दाभाड्याला निघालेला कारखानाही त्याच घराण्यातला. खिडकीची सपाट काच हा वेगळाच धंदा. त्याला वेगळी यंत्रं लागतात, वेगळं भांडवल लागतं. त्या काळी सपाट काच बोटीने यायची, आणि त्यात बेल्जियमचा दबदबा एवढा होता की आजही एखादा जुना दुकानदार चांगल्या आरशाला ‘बेल्जियम’च म्हणतो, मग तो आरसा भारतात का बनलेला असेना.

सातारा-सांगलीत आज सपाट काच विकली जाते, कापली जाते, घासली जाते, बसवली जाते. इथे ती बनत नाही. हे एकदा लक्षात घेतलं की दुकानात उभं राहून आपण घालत असलेले निम्मे वाद आपोआप मिटतात.

मग लगेच पुढचा प्रश्न येतो: कृष्णेला, कोयनेला, येरळेला एवढी वाळू; वाळूपासून काच होते; तर कारखाना का नाही? मला हा प्रश्न आवडतो, कारण त्याचं उत्तर आपल्या पायाखाली आहे. आपला मुलूख काळ्या कातळाचा, म्हणजे बेसॉल्टचा. नदीने सह्याद्री झिजवून आणलेली वाळूही त्याच कातळाचा चुरा, रंगाने काळपट. काचेला लागते ती शुभ्र सिलिका वाळू, जिच्यात नव्याण्णव टक्क्यांच्या आसपास सिलिका आणि लोहाचा अंश अगदी नगण्य असतो. बेसॉल्टमध्ये लोहाची ऑक्साइडं दहा टक्क्यांच्याही वर जातात. कृष्णेच्या वाळूची काच ओतलीच, तर ती शाईच्या दौतीसारखी काळी निघेल. योग्य वाळू सह्याद्रीच्या पलीकडे, सिंधुदुर्गात कासार्डे-फोंडा पट्ट्यात सापडते. पण नुसती वाळू असूनही भागत नाही. वाळू लवकर वितळावी म्हणून सोडा ॲश लागतो आणि त्याचे मोठे कारखाने सौराष्ट्राच्या किनाऱ्यावर आहेत. शिवाय भट्टीला दिवसरात्र इंधन लागतं आणि ते इंधन म्हणजे बहुधा नैसर्गिक वायू असतो. म्हणून अंकलेश्वर, झगडिया, हालोल या गुजरातच्या पट्ट्यात काचेचे कारखाने एकवटले. तमिळनाडूत श्रीपेरुंबुदूर, आपल्याकडे रायगड जिल्ह्यात तळोजे. अलीकडे गोल्ड प्लसचा कारखाना बेळगाव जिल्ह्यात आला, आणि सांगली-कोल्हापूरच्या काचवाल्यांना भट्टी पहिल्यांदाच हाकेच्या अंतरावर मिळाली.

‘सगळी काच चायनाची असते’ हे वाक्य तर आता म्हणीसारखं झालंय. साध्या पारदर्शक काचेच्या बाबतीत ते खरं नाही. सेंट-गोबेन, एआयएस, मोदीगार्ड ही नावं दुकानाच्या पाटीवर दिसतात ती भारतातल्या भट्ट्यांची. परदेशी माल येत नाही असं नाही. तो स्वस्तात ओतला जातो अशी इथल्या उत्पादकांची तक्रार असते आणि सरकार वेळोवेळी अँटी-डम्पिंग शुल्क लावतं. २०२० साली असं शुल्क लागलं ते मलेशियातून येणाऱ्या पारदर्शक फ्लोट, म्हणजे आजच्या साध्या सपाट काचेवर, चीनच्या नव्हे. चीनचं नाव खऱ्या अर्थाने येतं ते सौर पॅनेलच्या काचेत. डिसेंबर २०२४मध्ये चीन आणि व्हिएतनाममधून येणाऱ्या सौर काचेवर हंगामी शुल्क लावलं गेलं.

इथे आणखी एक गफलत दूर करू. जत, आटपाडी, माण, खटावच्या शेतात सौर पंपांचे पॅनेल चमकतात आणि लोकांना वाटतं, वर बसवलीय ती खिडकीचीच काच. ती तशी नाही. त्या काचेत लोह मुद्दाम कमी ठेवलेलं असतं, ती रुळांमधून दाबून काढलेली असते, तिच्यावर बारीक खरबरीत नक्षी असते आणि ती टफन, म्हणजे तापवून एकदम थंड करून बळकट, केलेली असते. जाडी साधारण दोन ते सव्वातीन मिलिमीटर. पॅनेलची काच फुटली म्हणून गावातल्या काचवाल्याकडून तुकडा कापून बसवता येत नाही. पॅनेलच बदलावं लागतं.

आता भाव. ‘दुकानदारच भाव चढवतात’ ही तक्रार मी कऱ्हाडात ऐकलीय, विट्यात ऐकलीय, मिरजेत तर बिल हातात घेऊन ऐकलीय. दुकानदाराचा नफा, कटाई, फुटतूट यात असतोच. पण भावाची दोरी भट्टीच्या हातात असते. आजची सपाट काच फ्लोट पद्धतीने होते. इंग्लंडमध्ये पिल्किंग्टन कंपनीत ॲलिस्टर पिल्किंग्टन यांनी १९५०च्या दशकात ही पद्धत विकसित केली आणि १९५९ साली ती जाहीर झाली. कल्पना विलक्षण साधी आहे. वितळलेली काच वितळलेल्या कथिलाच्या तळ्यावर सोडायची. कथील जड, काच हलकी, त्यामुळे काच तरंगते आणि पाण्यावर तेलाचा तवंग पसरावा तशी पसरते. दोन्ही बाजू आपोआप आरशासारख्या गुळगुळीत होतात, घासायला नकोत. पण भट्टी जवळजवळ सोळाशे अंश सेल्सिअसवर धगधगती ठेवावी लागते. एकदा पेटवली की दहा-पंधरा वर्षं बंद करायची नाही. बंद केली तर आतल्या विटा तडकतात, आणि पुन्हा पेटवणं म्हणजे जवळपास नवा कारखाना बांधणं.

याचा बाजारावर होणारा परिणाम नीट बघा. दिवसाला सहाशे टन काढणारी एक भट्टी कागदावर पाच मिलिमीटरची अठ्ठेचाळीस हजार चौरस मीटर, म्हणजे पाच लाख चौरस फुटांहून जास्त काच रोज ओकते. दिवाळी असो, पितृपक्ष असो. पावसाळ्यात बांधकामं थंडावतात, भट्टी थंडावत नाही. मग गोदामं भरतात, कंपन्या सूट देतात आणि भाव उतरतो. उलट बांधकामांची घाई सुटली तर वाढीव काच देणारी भट्टी रातोरात उभी राहत नाही, आणि भाव चढतो. २०२१-२२मध्ये जगभर नैसर्गिक वायू भडकला, तेव्हा काचही भडकली. सांगलीच्या गणपती पेठेतला व्यापारी त्यात काय करणार होता?

बिलातल्या मापाचं मात्र बोललंच पाहिजे, कारण तिथे संशयाला जागा असते. खिडकीचं माप दोन फूट दोन इंच बाय तीन फूट चार इंच. हिशेबाने होतात सव्वासात चौरस फूट. बिलात दिसतात पावणेआठच्या वर, कधी पावणेनऊ. ग्राहक म्हणतो, फसवलं. धंद्याची रीत अशी की माप तीन किंवा सहा इंचांच्या पटीत वर नेऊन आकारायचं, कारण पूर्ण शीटमधून कापताना उरलेली पट्टी बहुधा वाया जाते. तीन इंचांची पट धरली तर आपण नऊ टक्के जास्त देतो, सहाची धरली तर एकवीस टक्के. रीत खोटी नाही, पण कोणती पट लावणार हे आधी विचारायचा आपला हक्क आहे. आणि खिडकीची चौकट सुताराला सांगण्याआधी काचवाल्याला विचारलं तर दोन इंच इकडेतिकडे करून पैसे वाचतात. हे आपण कधी करत नाही. चौकट आधी, काच शेवटी.

जाडीची फसवणूक मात्र खरीखुरी होते. साडेतीन मिलिमीटरची काच चारची म्हणून गळ्यात पडते. डोळ्यांना कळत नाही, वजनाला कळतं. एक चौरस मीटर, एक मिलिमीटर जाड काचेचं वजन अडीच किलो. चार फूट बाय तीन फुटांची चार मिलिमीटरची काच सव्वाअकरा किलोच्या आसपास भरायला हवी. पावणेदहा भरली तर समजा, ती साडेतीनची आहे.

जाड काच म्हणजे मजबूत काच, असंही एक सरसकट धरलं जातं. दवाखान्याचं दार, जिन्याचा कठडा, गॅलरी यांना ‘जरा जाड लावा’ एवढंच सांगून लोक निर्धास्त होतात. जाड साधी काच फुटली की तिची सुरीसारखी पाती होतात, आणि जितकी जाड तितकी ती पाती वजनदार. टफन काच वेगळी. साधी काच सव्वासहाशे अंशांच्या आसपास तापवून हवेच्या झोताने एकदम थंड केली की बाहेरचा थर दाबात आणि आतला ताणात अडकतो. ती साध्या काचेच्या चार-पाच पट ताकद घेते आणि फुटलीच तर खडीसाखरेसारखे दाणे होतात. पण टफन झाल्यावर ती कापता येत नाही, भोक पाडता येत नाही. बिजागरीचं माप अर्धा इंच चुकलं तर पूर्ण काच गेली. म्हणून टफनची मागणी दिली की काचवाला माप दोनदा घेतो. त्याला कंटाळू नका. कठड्याला तर मध्ये चिकट पापुद्रा असलेली लॅमिनेटेड काच बरी, कारण ती फुटली तरी जागीच लटकते. या दोन्ही सुरक्षा काचांसाठी आयएस २५५३ हे मानक आहे. काचेच्या कोपऱ्यात न पुसला जाणारा शिक्का शोधा. चिकटवलेलं स्टिकर हा शिक्का नव्हे.

जुन्या वाड्याच्या नाहीतर शाळेच्या खिडकीतून पाहिलं की बाहेरचं झाड लहरत दिसतं. त्यावर कुणीतरी हमखास सांगतं, काच हा घट्ट द्रव असतो, शंभर वर्षांत ओघळतो. ओघळत नाही. ती काच फ्लोटच्या आधीच्या, ओढून काढायच्या पद्धतीची आहे. लहर जन्मापासूनची.

आणि आता सांगलीचा खास गैरसमज, जो ऐकून काचवाल्याला हसावं की रडावं कळत नाही: ‘बाकी दुकानांचं पुरात नुकसान होतं, काचेला पाण्याने काय होणार?’

२००५, २०१९, २०२१. ऑगस्ट २०१९मध्ये आयर्विन पुलाजवळ कृष्णेची पातळी ५७ फुटांच्या वर गेली. धोक्याची पातळी ४५ फूट. बाजारपेठेत पाणी शिरलं. कापडाचं, धान्याचं नुकसान सगळ्यांना दिसलं. काच मात्र चिखल धुतला की तशीच चकाकणार, असं वाटलं. खिडकीत बसवलेली काच खरोखर तशीच राहते, कारण तिच्यावर पाणी थांबत नाही. गठ्ठ्यात उभ्या केलेल्या शीटांचं वेगळं. दोन शीटांमधल्या केसाएवढ्या फटीत पाणी आपोआप वर चढतं आणि अडकून बसतं. काचेतला सोडियम हळूहळू त्या पाण्यात उतरतो आणि पाणी क्षारयुक्त होत जातं. पावसाच्या पाण्यासारखं ते वाहून जात नाही, त्यामुळे क्षार वाढतच राहतो आणि एका मर्यादेनंतर काचेचा पृष्ठभागच खायला लागतो. आधी तेलाच्या तवंगासारखे इंद्रधनुषी डाग दिसतात, मग पांढुरकी साय. पहिल्या काही दिवसांत शीटा एकेक सुट्या करून स्वच्छ पाण्याने धुतल्या आणि कोरड्या केल्या तर माल वाचतो. पण पूर ओसरल्यावर त्या दिवसांत वीज नसते, स्वच्छ पाणी नसतं, माणसं आपापली घरं उपसत असतात. गठ्ठा तसाच राहतो. आरशांचं आणखी वाईट; मागच्या रंगाखालून पाणी शिरलं की कडेने काळा कलंक सरकत आत येतो.

यासाठी पूरच यावा लागतो असंही नाही. महाबळेश्वर, पाटण, कोयनानगर भागात आषाढ-श्रावणात हवाच इतकी ओली असते की बंद गोदामातल्या गठ्ठ्यात दव धरतं. म्हणून शीटांमध्ये कागद किंवा बारीक भुकटी घालतात. ती भुकटी म्हणजे धूळ समजून ‘माल जुना दिसतोय’ म्हणणारे ग्राहकही आहेत. वास्तविक तोच सांभाळलेला माल.

डाग खाल्लेली काच समोरून बघितली तर कळत नाही. सवलतीत काच मिळतेय म्हणून कुणी हरखून जात असेल, तर ती शीट दुकानाच्या दारात आणायची, उन्हाकडे तिरकी धरायची आणि मान थोडी कलवून कडेने नजर फिरवायची.