दोन-आठचा हिशेब

अमेरिकेतल्या इंडियाना राज्यात साउथ बेंड इथे नोटर डेम हे कॅथलिक विद्यापीठ आहे. तिथला फुटबॉल आपल्याकडचा नव्हे. लंबगोल चेंडू हातात घेऊन धावायचं, फेकायचा आणि समोरच्याला अंगावर जाऊन पाडायचं, असा तो खेळ. त्यात या विद्यापीठाचा दरारा इतका, की १९३३ नंतरच्या २२ हंगामांत विजयांपेक्षा पराभव जास्त असं एकदाही घडलं नव्हतं. १९५६ साली ते घडलं: दहा सामने, दोन विजय, आठ पराभव. मिशिगन स्टेटने ४७-१४, ओक्लाहोमाने ४०-०, नेव्हीने ३३-७ असं लागोपाठ तीन आठवडे धुतलं. पुढे आयोवाने ४८-८.

तरीही देशातल्या सर्वोत्तम महाविद्यालयीन फुटबॉलपटूची हाइझमन ट्रॉफी त्या वर्षी मिळाली ती याच संघातल्या पॉल हॉर्नंगला. त्याला १,०६६ गुण, तर तोवर अपराजित टेनेसीच्या जॉनी मेजर्सला ९९४ आणि अपराजित ओक्लाहोमाच्या टॉमी मॅकडोनाल्डला ९७३. पहिल्या पसंतीची मतं मॅकडोनाल्डचीच जास्त, २०५ विरुद्ध १९७. नोटर डेमच्या नावाचं वजन कामी आलं, हा आक्षेप त्यामुळे उडवून लावण्याजोगा नाही. शिवाय हॉर्नंगचे तीनच पास टचडाउनचे, म्हणजे थेट गुण देणारे, ठरले आणि तेरा पास प्रतिस्पर्ध्यांच्या हाती पडले. पण तेव्हाचा नियमही पाहायला हवा. १९५३पासून खेळाडू बदलण्यावर कडक बंधनं होती. चढाईचा आणि बचावाचा संघ वेगळा ठेवता येत नसे. पास चुकला म्हणून बाकावर जाऊन बसायची सोय नव्हती. त्याच खेळाडूला मागे वळून बचावाला उभं राहावं लागे. पास, चेंडू घेऊन धावणं, गुण, चेंडू लाथेने दूर धाडणं, या सगळ्यांत संघात पहिला हॉर्नंगच होता. संघाचं अपयश मतदारांनी त्याच्या खात्यावर टाकलं नाही, ते बरोबरच होतं.

मग तोच न्याय प्रशिक्षक टेरी ब्रेननला का नको? आधीचे प्रशिक्षक फ्रँक लेहींच्या जागी १९५४ साली तो आला तेव्हा जेमतेम २५ वर्षांचा होता. फुटबॉलच्या शिष्यवृत्त्या विद्यापीठाने त्याआधीच कमी केल्या होत्या. अपेक्षा मात्र कुणी कमी केल्या नाहीत. पहिली दोन वर्षं ९-१ आणि ८-२ गेली, ती लेहींनी जमवलेल्या मुलांवर, असं म्हणतात. तसं असेल तर २-८ तरी एकट्या ब्रेननचं कसं? पुढच्याच वर्षी त्याच्या संघाने ओक्लाहोमाच्या घरी जाऊन ७-० असा विजय मिळवला आणि सलग ४७ विजयांची मालिका तोडली. तो हंगाम ७-३, त्यापुढचा ६-४. तरी १९५८च्या डिसेंबरात त्याला काढलं.

प्रशिक्षकाने फरक पडतोच, असं कुणी म्हणेल, आणि १९६४चा दाखला देईल: आरा पार्सेगियनने आदल्या वर्षी २-७ राहिलेला संघ ९-१वर नेला. ते खरंच आहे. पण ब्रेनननंतर आलेल्या जो कुहारिकच्या चार वर्षांत एकही हंगाम विजयांच्या बाजूने झुकला नाही, आणि १९६०चा आकडा पुन्हा तोच, २-८. माणूस बदलला म्हणून आकडा बदलतोच असं नाही. हंगामाच्या आकड्यात नियम, शिष्यवृत्त्या, मुलांचं वय, दुखापती, प्रशिक्षकाचं कसब, सगळंच मिसळलेलं असतं. १९५६च्या त्या बेरजेतून हॉर्नंगला वजा करता आलं. ब्रेननला वजा करण्याइतका धीर विद्यापीठाकडे नव्हता.