दोन रोपांची श्रीमंती

सुरुवात 2 या आकड्यापासून.

1873. कॅलिफोर्नियातलं रिव्हरसाइड तेव्हा जेमतेम तीन वर्षांची वसाहत होती. तिथल्या एलायझा टिबेट्सबाईंकडे अमेरिकेच्या कृषी खात्याकडून फळझाडाची रोपं आली. मूळ वाण ब्राझीलमधल्या बाहियाचा. त्यातली दोन जगली. बाई त्यांना भांडी विसळलेलं पाणी घालत, असं सांगतात.

फळ आपल्या नागपुरी संत्र्यासारखं सैल सालीचं नाही, मोसंबीच्या जातकुळीतलं. बुडाशी बेंबीसारखा खळगा, म्हणून नाव ‘नेव्हल’. गोड, सोलायला सोपं आणि आत बी नाही. पण बी नाही तर बाग वाढवायची कशी? विदर्भातला रोपवाटिकावाला जंभेरीच्या खुंटावर डोळा भरतो, अगदी तशीच. खुंटाची साल चिरायची, काडीवरचा एक डोळा त्यात बसवायचा, वरून पट्टी घट्ट बांधायची. झालं नवं झाड!

आता हिशेब करा. एका झाडानं शंभर डोळे दिले असं धरलं, तर 2 ची 200, 200 ची 20 हजार, 20 हजारांची 20 लाख. फक्त तीन पायऱ्या! हे झालं कागदावरचं गणित. प्रत्यक्षात 1882 मध्ये कॅलिफोर्नियात सगळ्या जातींची मिळून पाच लाखांहून अधिक लिंबूवर्गीय झाडं होती आणि त्यातली जवळपास निम्मी एकट्या रिव्हरसाइडमध्ये.

पाणी कालव्यांनी आणलं, गिऱ्हाईक रेल्वेनं. पूर्वेकडची शहरं हिवाळ्यात गारठलेली असताना नेव्हल पिकतं; बर्फ भरलेल्या डब्यांतून ते तिथवर टिकायचं. 1895 पर्यंत रिव्हरसाइड हे दरडोई संपत्तीत अमेरिकेतलं सर्वांत श्रीमंत शहर झालं होतं. शहर म्हणजे केवढं? 1900 च्या जनगणनेत 7,973 माणसं. सगळ्यांना वानखेडेवर नेऊन बसवलं असतं, तरी तीन-चतुर्थांश खुर्च्या रिकाम्या राहिल्या असत्या. 2020 मध्ये मात्र लोकसंख्या 3,14,998 झाली. बऱ्याचशा बागांच्या जागी घरं उभी राहिली.

टिबेट्सबाईंच्या त्या दोन झाडांतलं एक आजही मॅग्नोलिया आणि आर्लिंग्टन रस्त्यांच्या चौकात उभं आहे. त्याची मुळं कुजू लागली तेव्हा, 1918 मध्ये, शास्त्रज्ञांनी शेजारी नवे खुंट लावून ते त्याच्या खोडाला जोडले. मुळं बदलली, झाड तेच राहिलं. हल्ली त्याच्यावर बारीक जाळीचा तंबू आहे, कारण सिला नावाचा इवलासा किडा ग्रीनिंग रोग पसरवतो.

डोळ्यातून वाढलेलं झाड म्हणजे आईचीच हुबेहूब प्रत. त्यामुळे बाग एकराची असो की हजार एकरांची, आत झाड एकच असतं. जे एकाला मानवतं, ते सगळ्यांना मानवतं. जे एकाला मारतं, तेही सगळ्यांनाच. ही जाळी म्हणूनच नुसत्या एका म्हाताऱ्या झाडावर घातलेली नाही.